ब्रिटिश 'सहायक अभिनेत्री'चं करिअर नेमकं चालतं कसं? जोन हिक्सनच्या निमित्ताने

जुने ब्लॅक अँड व्हाइट ब्रिटिश सिनेमे बघायची सवय असेल तर हा सीन तुम्ही बघितलाच असेल. कुणीतरी घाबरलेला माणूस भाड्याची खोली शोधत येतो, बेल वाजवतो, दार उघडतं आणि समोर घरमालकीण. बाई त्याला वरपासून खालपर्यंत एकदा निरखून बघते, भाडं सांगते, जिना दाखवते, जाता जाता असं काहीतरी बोलते की आपल्याला हसू येतं, आणि मग सिनेमा पुढे निघून जातो, ती बाई परत फारशी दिसत नाही. तिचं नाव आपण वाचत नाही कारण श्रेयनामावलीत ते बरंच खाली असतं. मला ही बाई कितीतरी वर्षं फक्त चेहऱ्याने माहीत होती. जोन हिक्सन हे नाव कळलं ते बीबीसीच्या मिस मार्पल मालिकेमुळे, ॲगाथा क्रिस्टीच्या कादंबऱ्यांमधली खुनी शोधणारी म्हातारी तिने त्यात केली होती, म्हणजे उलट्या दिशेने, आधी तिला म्हातारपणी मुख्य भूमिकेत बघितलं आणि मग मागे मागे जात तिचे जुने दोन-दोन मिनिटांचे रोल शोधत बसले.

आईला इंग्लिश फारसं कळत नाही, पण मिस मार्पलचे एपिसोड ती माझ्यासोबत बसून बघायची, मध्ये मध्ये मी सांगायचे काय चाललंय ते. एकदा मी तिला सांगितलं की ही बाई अठ्ठ्याहत्तराव्या वर्षी पहिल्यांदा एवढ्या मोठ्या मालिकेची हिरॉईन झाली, त्याआधी पन्नासेक वर्षं मोलकरीण, नर्स, स्वयंपाकीण, घरमालकीण हेच करत होती. आई म्हणाली, "अगं मग एवढं चांगलं काम करते तर तिला आधी का नाही दिलं कुणी?"

प्रश्न साधा आहे पण उत्तर द्यायला बसले तर मलाच कळेना की सुरुवात कुठून करू, कारण त्यासाठी ब्रिटनमध्ये नाटक-सिनेमा-टीव्ही हे तिन्ही मिळून एखाद्या अभिनेत्रीला आयुष्यभर कसं कामाला लावतात ते सांगावं लागतं. तेच इथे सांगायचा प्रयत्न करते.

आधी शब्दाचा घोळ सोडवू. आपण 'सहायक अभिनेत्री' म्हणतो आणि 'चरित्र अभिनेत्री' पण म्हणतो, आणि डोक्यात साधारण असं चित्र असतं की हिरॉईनचं वय झालं की ती आई, सासू, मावशी करायला लागते. ललिता पवारांसारख्या थोर बाईंचं नाव घेतलं तरी त्या आधी नायिका होत्या आणि नंतर चरित्र भूमिकांकडे आल्या. ब्रिटनमध्ये तसं असेलच असं नाही. तिथे 'कॅरेक्टर' हा पहिल्या दिवसापासूनचा वेगळा रस्ता असू शकतो. लंडनमध्ये १९२७ साली 'स्पॉटलाइट' नावाची एक डिरेक्टरी सुरू झाली, नट-नट्यांचे फोटो आणि एजंटचा पत्ता छापणारी, आणि अजूनही ती चालू आहे, फक्त आता ऑनलाइन. छापील स्पॉटलाइटमध्ये विभाग असायचे, लीडिंग वेगळे, तरुण भूमिकांवाले वेगळे, कॅरेक्टरवाले वेगळे. म्हणजे नाटकाच्या किंवा सिनेमाच्या ऑफिसात बसलेला माणूस पान उलटतानाच ठरवून उलटायचा की मला नायिका हवीय की स्वयंपाकीण. तुमचा फोटो कोणत्या पानावर आहे यावर तुमचं आयुष्य कसं जाणार ते बऱ्यापैकी ठरायचं. पंचविशीची मुलगी कॅरेक्टरच्या पानावर असू शकायची आणि त्यात कमीपणा काही नव्हता, तो एक धंदाच वेगळा होता.

आणि 'सपोर्टिंग' या शब्दाला प्रतिष्ठा मिळाली तीसुद्धा हळूहळूच. ऑस्करमध्ये सहायक भूमिकांचं बक्षीस सुरू झालं ते १९३६ च्या सिनेमांपासून, आणि सुरुवातीची काही वर्षं या लोकांना तो प्रसिद्ध पुतळा मिळायचाच नाही, एक पाटी मिळायची. पुतळा द्यायला लागले ते १९४४ च्या समारंभापासून. मला हे पहिल्यांदा कळलं तेव्हा वाईट वाटलं होतं, अजूनही वाटतं.

आता हिक्सन. जन्म ५ ऑगस्ट १९०६, नॉर्थम्प्टनजवळ किंग्जथॉर्प. नॉर्थम्प्टन म्हणजे इंग्लंडमधलं बूट-चपलांचं गाव, तिच्या घरचा धंदाही त्यातलाच होता. म्हणजे खात्यापित्या मध्यमवर्गीय घरातली मुलगी, हे लक्षात ठेवा, पुढे कामाला येणार आहे. लंडनच्या 'राडा'मध्ये, म्हणजे रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्टमध्ये शिकली आणि १९२७ मध्ये एका दौऱ्यावरच्या नाटकातून रंगभूमीवर आली. स्पॉटलाइटचंही तेच वर्ष.

त्या काळात शाळेतून बाहेर पडलेली नटी थेट लंडनच्या वेस्ट एंडला, म्हणजे मोठ्या व्यावसायिक नाट्यगृहांच्या भागात, पोचायची नाही. आधी दौरे आणि 'रेप'. रेप म्हणजे रेपर्टरी, आणि हे समजल्याशिवाय ब्रिटिश अभिनय समजत नाही असं माझं ठाम मत आहे. एखाद्या गावातलं थिएटर, तिथे कायमची एक नटमंडळी, आणि दर आठवड्याला नवीन नाटक. दर आठवड्याला! सोमवारी रात्री नवीन नाटक सुरू, मंगळवारी सकाळी पुढच्या सोमवारच्या नाटकाची तालीम सुरू, म्हणजे दिवसा एका नाटकाचे संवाद पाठ करायचे आणि रात्री दुसऱ्याच नाटकाचे बोलायचे, शनिवारी दोन प्रयोग, रात्री सेट उतरवायचा आणि रविवारी परत पाठांतर. आणि आजच्या काळातले कपडे लागणारं नाटक असेल तर ते कपडे बहुतेक वेळा नटीने स्वतःचेच आणायचे, त्यामुळे एकच कोट कॉलर बदलून, ब्रोच लावून, पट्टा बांधून चार नाटकांत चार वेगळ्या बायकांचा करायचा. यात सगळ्यात जास्त वळण कुणाला लागतं? नायिकेला नाही. नायिका दर आठवड्याला साधारण नायिकाच असते. कॅरेक्टर करणाऱ्या बाईला या आठवड्यात सत्तर वर्षांची ड्यूकची विधवा, पुढच्या आठवड्यात खानावळीतली पोरगी, त्याच्या पुढच्या आठवड्यात शाळेची मुख्याध्यापिका करायची असते, तीही पाच दिवसांच्या तालमीत. त्यातून सवय लागते ती अशी की माणूस पटकन पकडायचा, एक चाल, एक हात ठेवायची पद्धत, एक आवाज, बस. जास्त सजवायला वेळच नसतो. हिक्सनच्या नंतरच्या सगळ्या कामात मला ही रेपची काटकसर दिसते.

मग सिनेमा. १९३४ मध्ये ती पहिल्यांदा पडद्यावर आली, आणि हा काळ ब्रिटिश सिनेमात छोट्या भूमिकांना बरा होता, त्याचं कारण एक कायदा. १९२७ साली ब्रिटिश सरकारने कायदा केला की परदेशी, म्हणजे मुख्यतः अमेरिकन, सिनेमे विकणाऱ्या कंपन्यांनी आणि थिएटरवाल्यांनी ठराविक टक्के सिनेमे ब्रिटनमध्ये बनलेले ठेवलेच पाहिजेत. वितरकांसाठी सुरुवातीला साडेसात टक्के, पुढे वाढत वाढत वीस टक्के. अमेरिकन कंपन्यांनी काय केलं तर तो कोटा भरण्यापुरते स्वस्तातले, घाईघाईत उरकलेले सिनेमे लंडनच्या आसपास बनवून घ्यायला सुरुवात केली. त्यांना 'कोटा क्विकी'च म्हणायचे. बरेचसे टुकार होते, पण प्रत्येकात दार उघडणारी मोलकरीण, ऑफिसातली टायपिस्ट, बारमागची बाई लागायचीच, आणि ती लवकर, न चुकता, पहिल्या-दुसऱ्या टेकमध्ये काम करून देणारी लागायची. रेपमधून आलेल्या लोकांसाठी हे म्हणजे घरचंच काम.

यात अजून एक गोष्ट आहे जी मला सगळ्यात महत्त्वाची वाटते, ती म्हणजे भूगोल. अमेरिकेत नाटक न्यूयॉर्कला आणि सिनेमा लॉस एंजेलिसला, मध्ये अख्खा देश. नटीला एक निवडावं लागतं. ब्रिटनमध्ये पाइनवुड, शेपर्टन, एल्स्ट्री, डेनम, ईलिंग, टेडिंग्टन हे सगळे स्टुडिओ लंडनच्या आसपास. सकाळी स्टुडिओत जाऊन घरमालकिणीचे दोन सीन करायचे आणि संध्याकाळी वेस्ट एंडला नाटकाला उभं राहायचं हे शक्य होतं आणि लोक करतही होते. आपल्याकडे मुंबईत दिवसभर मालिकेचं शूटिंग करून रात्री शिवाजी मंदिरला प्रयोग करणारे कलाकार आहेत, त्यामुळे मराठी माणसाला हे लगेच कळेल. म्हणून ब्रिटनमधला छोटा सिनेमा-रोल हा नाटकावर मिळालेला जोड असतो, दिवसाच्या हिशोबाने पैसे, दोन-चार दिवसांचं काम, आणि नाटकही सोडावं लागत नाही. आईच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर इथेच आहे खरं तर. काम मिळत नव्हतं असं नाहीच, भरपूर मिळत होतं, पण तुकड्यातुकड्यांत.

उरलेलं अर्धं उत्तर मात्र इतकं गोड नाही. ब्रिटिश समाजात तोंड उघडलं की माणूस कोणत्या वर्गातला ते कळतं. नायिका जवळजवळ ठरलेलीच असायची, चांगल्या घरातली, स्वच्छ शिष्ट इंग्रजी बोलणारी, सुंदर. आणि तिच्याभोवती जे घर चालतं ते चालवणाऱ्या बायका वेगळ्या उच्चारात बोलणाऱ्या, कॉकनी म्हणजे लंडनच्या कष्टकरी वस्तीतल्या बोलीत वगैरे, आणि त्यांना लेखक हसवण्यासाठीच आणायचे. या दुसऱ्या बायका करायला अनेकदा पहिल्या वर्गातल्याच नट्या असायच्या! हिक्सन स्वतः चांगल्या घरातली, राडाला शिकलेली, आणि 'सी हाऊ दे रन' या फार्समध्ये तिने केली आयडा नावाची कॉकनी मोलकरीण. आधी १९४४ मध्ये लंडनच्या क्यू थिएटरला आणि मग जानेवारी १९४५ मध्ये वेस्ट एंडच्या कॉमेडी थिएटरला, युद्ध अजून चालू होतं तेव्हा. आयडा ही त्या नाटकातली छोटी पण लोकांना आवडणारी भूमिका. आणि अशी भूमिका गाजली की पुढच्या दहा वर्षांचे फोन त्याच भूमिकेसाठी येतात, तोंडाने 'तुम्ही काय अप्रतिम करता' म्हणतात आणि हातात परत मोलकरणीचा ॲप्रन देतात. हा साचा फक्त दिसण्यामुळे पडत नाही, वेळेमुळे पडतो. दिग्दर्शकाकडे दोन मिनिटांच्या भूमिकेसाठी नवीन कुणाला पारखायला वेळ नसतो, ज्या बाईने मागच्या सिनेमात घरमालकीण चोख केली तिलाच बोलावलं की झालं. १९५० च्या 'सेव्हन डेज टू नून'मध्ये एक शास्त्रज्ञ बॉम्ब घेऊन लंडनमध्ये लपलाय, त्याची घरमालकीण हिक्सन. १९५६ च्या 'द मॅन हू नेव्हर वॉज'मध्ये दुसऱ्या महायुद्धातली हेरगिरी, त्यातही घरमालकीण हिक्सन. मध्ये १९५४ चा 'डॉक्टर इन द हाऊस' आहे, १९५२ चा 'द कार्ड' आहे. यादी लांब आहे, सगळी देत नाही.

त्यापेक्षा दोन मिनिटांत ती करते काय ते सांगते, कारण ते बघायला शिकलं की हे सिनेमे दुप्पट मजेचे होतात.

छोट्या भूमिकेची कामं मुख्यतः दोन असतात. एक, आपण आत्ता कुठे आलोय ते प्रेक्षकाला क्षणात पटवायचं. नायक अनोळखी घरात शिरला तर ते घर खरं आहे, इथे काल रात्रीसुद्धा कुणीतरी जेवलं होतं, हे सेटमुळे पटत नाही, त्या बाईमुळे पटतं. दुसरं म्हणजे मोठ्या नटाला चेंडू टाकायचा. कॉमेडीत तर हेच सगळं. 'कॅरी ऑन' नावाचे जे धमाल, थोडे चावट ब्रिटिश सिनेमे होते त्यातला 'कॅरी ऑन नर्स' १९५९ मध्ये ब्रिटनमध्ये सगळ्यात जास्त चालला होता. पुरुषांचा वॉर्ड, वैतागलेले पेशंट, वर हॅटी जॅक्सची दरारा असलेली मेट्रन, म्हणजे सगळ्या नर्सेसची प्रमुख, खाली गोंधळलेल्या तरुण नर्सेस, आणि या दोघांच्या मध्ये वॉर्डची सिस्टर म्हणजे हिक्सन. तिला जोक जवळजवळ नाहीतच. पण ती जर खरोखर काळजीत पडलेली सिस्टर वाटली नाही, तिला मेट्रनच्या राऊंडची खरी भीती वाटली नाही, तर हॅटी जॅक्सचा दरारा कुणाला वाटणार? पेशंटचे चाळे कशाच्या विरोधात उभे राहणार? ती गंभीर राहते म्हणून बाकीचे विनोदी होतात. पण ती एकाच साच्यात अडकलेली नव्हती, या मालिकेत तिने पाच सिनेमे केले आणि प्रत्येकात बाई वेगळी.

आणि यात ऐकणं हा मोठा भाग आहे. सहायक नटाला संवाद कमी, म्हणजे बराच वेळ दुसरा बोलतोय आणि तुम्ही फ्रेममध्ये आहात. वाईट नट त्या वेळात काहीतरी करत बसतो, चेहरे करतो. अगदीच वाईट नट काहीच करत नाही, फक्त आपल्या वाक्याची वाट बघतो. हिक्सन ऐकते. तुम्ही तिच्याकडे बघा, समोरच्याचं वाक्य संपायच्या आधी तिला ते कळलेलं असतं आणि तिचं काय मत झालं तेही आपल्याला कळतं, पण ती ते लादत नाही. याबद्दल मी पानंच्या पानं लिहू शकते.

१९५५ मध्ये बीबीसीची टीव्हीवरची मक्तेदारी संपून आयटीव्ही हे खाजगी, जाहिरातींवर चालणारं टीव्ही सुरू झालं आणि या बायकांसाठी कामाचं तिसरं दार उघडलं. टीव्हीला दर आठवड्याला माणसं लागतात, आणि घरातल्या छोट्या पडद्यावर रेपवाली माणसं छान बसली, कारण सुरुवातीला बरंचसं टीव्ही लाइव्हच असायचं, चुकलात तर चुकलात. हिक्सनने १९६० च्या दशकात 'अवर मॅन ॲट सेंट मार्क्स' या मालिकेत पाद्रीबाबांच्या घरची हाऊसकीपर मिसेस पीस केली, पुढे १९७० च्या सुमाराला 'बॅचलर फादर'मध्ये मिसेस प्यू. परत घर सांभाळणारी बाईच, पण आता लोक तिला आठवड्याला भेटत होते. त्या काळातल्या टीव्हीची खंत अशी की टेप महाग होत्या म्हणून पुसून परत वापरायचे, त्यामुळे साठच्या दशकातलं कितीतरी काम कायमचं गेलं, आणि ज्यांचं सगळं आयुष्य अशा छोट्या छोट्या तुकड्यांचं बनलेलं असतं त्यांचं नुकसान यात सगळ्यात जास्त. सिनेमाच्या स्टारचे सिनेमे तिजोरीत राहतात.

नाटक मात्र तिने सोडलं नाही, आणि मोठी भूमिका जिथे मिळायची तिथे मिळतही होती. १९६७ मध्ये 'अ डे इन द डेथ ऑफ जो एग' लंडनला आलं, गंभीर अपंगत्व असलेली मुलगी आणि तिचे आईवडील यांच्यावरचं, त्यात हिक्सन वडिलांची आई, ग्रेस. १९७२ च्या सिनेमातही तिनेच ती केली. मग ॲलन एकबर्नचं 'बेडरूम फार्स', १९७७ मध्ये नॅशनल थिएटरला. स्टेजवर एकाच वेळी तीन बेडरूम, चार जोडपी, एक रात्र. हिक्सन आणि मायकल गॉफ हे त्यातलं म्हातारं जोडपं, लग्नाच्या वाढदिवसाचं बाहेरचं जेवण काही मनासारखं झालं नाही म्हणून घरी येऊन पलंगावर बसून टोस्टवर डब्यातले मासे खातात. बाकीच्या बेडरूममध्ये तरुण जोडप्यांचा गोंधळ चाललाय आणि हे दोघं मासे खातायत. १९७९ मध्ये हे नाटक न्यूयॉर्कच्या ब्रॉडवेला गेलं आणि दोघांनाही टोनी हा अमेरिकेतला नाटकांचा मोठा पुरस्कार मिळाला, सहायक भूमिकांचा. हिक्सन तेव्हा ७२ वर्षांची. १९८१ मध्ये बीबीसीच्या 'ग्रेट एक्स्पेक्टेशन्स'मध्ये ती मिस हॅव्हिशम झाली, लग्नाच्या दिवशी घड्याळं थांबवून बसलेली ती बाई. म्हणजे मिस मार्पल ही काही लॉटरी लागल्यासारखी आली नाही, कळकळीने सांगते, लोक तसं लिहितात म्हणून.

मध्ये घराबद्दल एक गोष्ट. १९३२ मध्ये तिचं लग्न एका डॉक्टरशी झालं, दोन मुलं झाली, १९५८ पासून ती एसेक्समध्ये विव्हनहो नावाच्या नदीकाठच्या गावात राहायला गेली आणि शेवटपर्यंत तिथेच राहिली. तिथून लंडनला थेट रेल्वे आहे. नवरा १९६७ मध्ये गेला. मला असं वाटतं, आणि हे माझं मत आहे, की दोन-चार दिवसांचे सिनेमा-रोल, आठवड्याची मालिका आणि अधूनमधून नाटक ही रचना घर असलेल्या बाईला जमण्यासारखी होती. स्टारला सहा महिने गायब व्हावं लागतं.

पण ही रचना सगळ्यांसाठी उघडी नव्हती हेही सांगायलाच हवं. वर जे दार उघडणाऱ्या बायकांचं जग सांगितलं ते पूर्ण गोरं होतं. आपल्या जोहरा सेहगल, मुंबईत पृथ्वी थिएटर्समध्ये वर्षानुवर्षं काम केलेल्या, १९६० च्या दशकात लंडनला गेल्या. एवढी तयार नटी, नाच, नाटक, आवाज सगळं असलेली, पण तिथल्या लेखकांच्या कागदावर त्यांच्यासाठी माणूसच नव्हता लिहिलेला. १९८४ मध्ये 'द ज्वेल इन द क्राउन' या मालिकेत लेडी चॅटर्जीची भूमिका मिळाली तेव्हा त्या सत्तरीच्या पुढे होत्या. हिक्सनला साचा होता, जोहराजींना साचासुद्धा नव्हता, आणि या दोघींची मोठी टीव्ही भूमिका एकाच वर्षी आली हे मला कधी विसरता येत नाही.

हो, १९८४. आता मिस मार्पल.

ॲगाथा क्रिस्टीच्या कादंबऱ्या मराठीतही आल्यात त्यामुळे ओळख करून द्यायला नको, सेंट मेरी मीड नावाच्या खेड्यात राहणारी अविवाहित म्हातारी, विणकाम करते, बागेत काम करते आणि खुनी शोधते. १९४५ मध्ये क्रिस्टीचंच 'अपॉइंटमेंट विथ डेथ' हे नाटक लंडनच्या पिकॅडिली थिएटरला लागलं, त्यात हिक्सनची मिस प्राइस नावाची छोटी भूमिका. क्रिस्टीने ती बघून तिला चिठ्ठी लिहिली की एक दिवस तुम्ही माझी मिस मार्पल कराल अशी आशा आहे. हिक्सन तेव्हा चाळिशीलाही पोचली नव्हती! पुढे जवळजवळ चाळीस वर्षं काही झालं नाही. दरम्यान १९६१ मध्ये मिस मार्पलवर सिनेमा आला, 'मर्डर शी सेड', 'फोर फिफ्टी फ्रॉम पॅडिंग्टन' या कादंबरीवरचा, त्यात मार्पल झाली मार्गारेट रदरफोर्ड. धिप्पाड, गडगडाटी, भयंकर लाडकी नटी, तिला पुढे सहायक अभिनेत्रीचं ऑस्करही मिळालं. या सिनेमात मार्पल संशयित घरात मोलकरीण बनून शिरते, आणि त्या घरात आधीपासून कामाला असलेली मिसेस किडर कोण? जोन हिक्सन. आणि १९८७ च्या नाताळच्या दिवशी बीबीसीवर हीच गोष्ट परत आली तेव्हा मिस मार्पल होती हिक्सन. मी हे दोन्ही एकापाठोपाठ बघितलेत, तुम्हीही बघा, सांगून समजणार नाही.

बीबीसीने पहिली गोष्ट 'द बॉडी इन द लायब्ररी' दाखवली १९८४ च्या नाताळनंतर लगेच, तीन रात्री. सेंट मेरी मीडसाठी हॅम्पशरमधलं नेदर वॉलप हे खेडं वापरलं. १९९२ पर्यंत मार्पलच्या बाराही कादंबऱ्या झाल्या, म्हणजे ७८ ते ८६ या वयात, त्यात एकासाठी बार्बाडोसच्या उन्हातही. आणि आता ते रेप, ते कोपऱ्यात उभं राहणं, ते ऐकणं कुठे गेलं बघा. मार्पलची गंमतच ही की तिच्याकडे कुणी लक्ष देत नाही. पोलीस इन्स्पेक्टर स्लॅक तिला टाळतो, श्रीमंत लोक तिच्यासमोर नको ते बोलून जातात कारण ती बसलीय कोपऱ्यात लोकर घेऊन. आधीच्या नट्या हे करताना आपलं सगळं लक्ष त्यांच्याकडेच जायचं, रदरफोर्ड खोलीत आली की खोली भरायची, तो तिचा स्वभावच. हिक्सन खोलीत येते आणि खोली तशीच राहते. कॅमेरा दुसऱ्याकडे असतो, दुसरा बोलत असतो, आपणही तिला विसरतो, आणि मग एकदम कट होऊन त्या फिक्या निळ्या डोळ्यांवर येतो आणि लक्षात येतं की ही मघापासून बघत होती. हे करायला पन्नास वर्षं फ्रेमच्या कडेला उभं राहिलेली बाईच लागते. आईच्या प्रश्नाला मी शेवटी हेच उत्तर दिलं, की आधी दिलं असतं तर हे आलं नसतं. आईला ते फारसं पटलं नाही. ती म्हणाली मधल्या वेळात पण दोन-चार चांगली द्यायची की. तेही खरंच आहे.

१९८७ मध्ये तिला ओबीई हा ब्रिटिश सरकारी सन्मान मिळाला, बाफ्टा या ब्रिटिश सिनेमा-टीव्ही पुरस्कारांत टीव्ही अभिनेत्रीसाठी दोनदा नामांकन झालं, सहायक नाही, मुख्य. पण मला जी गोष्ट सगळ्यात आवडते ती वेगळीच. १९८६ मध्ये, मार्पल म्हणून अख्खा देश ओळखत असताना, तिने विनोदी नट जॉन क्लीजच्या 'क्लॉकवाइज' या सिनेमात मिसेस ट्रेलिस केली, मोटारीत बसवून फिरायला नेलेली म्हातारी, जी थांबायचं नावच घेत नाही, आपली बडबडत राहते. टीव्हीवर शांत बसून सगळं बघणारी आणि सिनेमात काहीच न बघता बोलत सुटलेली, एकाच काळात. आणि १९९२ मध्ये शेवटचा मार्पल झाल्यावर, ८६ व्या वर्षी, आता पुरे म्हणून घरी बसली असती तर कुणी काही म्हटलं नसतं, तर तिने मिस मार्पलच्या गोष्टी ऑडिओबुकसाठी वाचल्या, आणि १९९३ मध्ये 'सेंच्युरी' नावाच्या सिनेमात एक रोल केला. मिसेस व्हिटवेदर. छोटासाच.